रिकामी बुट्टी

दादा कैऱ्या सोलत बसले होते आणि त्यांना ते जमत नव्हतं.

सोप्यात पोतं अंथरलेलं, समोर परातीत पाण्यात टाकलेल्या कैऱ्या, आणि हातात आईचा शिंपला. नदीतला जाडसर शिंपला दगडावर घासत राहायचं, त्याच्या पाठीला भोक पडेपर्यंत. त्या भोकाची कड सुरीपेक्षा धारदार होते. आमच्याकडे कैरीची साल त्यानंच काढतात. आईच्या हातात तो शिंपला कैरीवरून असा फिरायचा की साल एका लांब पट्टीत उतरायची. वडिलांच्या, म्हणजे दादांच्या, हातून सालीबरोबर निम्मी कैरी जात होती.

"सुरी देऊ का?" मी विचारलं.

"सुरीनं लोणचं काळं पडतंय," ते म्हणाले.

हे आईचं वाक्य होतं. आई फाल्गुनात गेली. मी सांगलीच्या कॉलेजातून रजा काढून आले होते आणि उन्हाळ्याच्या सुट्टीत पुन्हा आले, तेव्हापासून पाहत होते, दादा तिची वाक्यं एकेक करून वापरत होते. घरातली भांडी वापरावीत तशी.

"इसाक उद्या बरगे काढतोय," ते खाली मान घालूनच म्हणाले. "तिची बुट्टी कुठं ठेवलीय?"

"कशाला?"

"कशाला म्हणजे? शिंपले कोण उचलणार?"

आमच्या निमगुडीचा बंधारा वारणेवर आहे. नदीत ओळीनं दगडी खांब, खांबांना खाचा, आणि दोन खांबांमधल्या गाळ्यात त्या खाचांतून एकावर एक सरकवलेले लोखंडी बरगे. पावसाळा सरला की बरगे घालतात, पाणी अडतं, उसाला मिळतं. पुढच्या पावसाळ्याआधी ते काढावे लागतात, नाहीतर पुरात बरगे वाकतात आणि खांबही उखडतात. काढायला एक दिवस पुरतो. त्या एका दिवसात मागचं सगळं पाणी भडाभडा निघून जातं, काठाचा उतार उघडा पडतो, आणि त्या उतारावर, चिखलात, मे महिन्याच्या उन्हात, शिंपले तसेच राहतात.

मला आठवतं तेव्हापासून आई त्या दिवशी इरकल लुगड्याचा ओचा खोचून चिखलात उतरायची. वेताची बुट्टी भरायची, काठावरच्या हत्तीच्या दगडावर चढायची आणि तिथून एकेक शिंपला खालच्या डोहात सोडायची. हत्तीचा दगड म्हणजे पाठीसारखा गुळगुळीत, रुंद कातळ. डोह त्याच्या अगदी पायाशी, बंधाऱ्याला लागून. नदीत सगळ्यात खोल पाणी तिथंच, आणि खोल पाणी कधी आटत नाही, हा तिचा साधा हिशेब.

धुणं धुणाऱ्या बायका विचारायच्या, "पद्माक्का, मोती गावला का न्हाई अजून?"

"गावलाय की," आई चिखलातूनच म्हणायची. "तुझ्या सुनेच्या नथीला ठेवलाय. आधी सून तर आण."

रविवारी ती देवळात पाठशाळा घ्यायची. जैनांच्या मुलांना जीवांची वर्गवारी लहानपणीच पाठ होते. एका इंद्रियाचे जीव, दोन इंद्रियांचे, तीन, असं करत माणसापर्यंत. आई ती नुसती पाठ करून घेत नसे.

"दोन इंद्रियांचे कोण?"

"अळी, जळू, शंख, शिंपला!" आम्ही ओरडायचो.

"शिंपल्याला काय काय असतंय?"

"स्पर्श आणि चव!"

"आणि काय नसतंय?"

"नाक, डोळा, कान!"

"म्हणजे त्याला आपल्याला हाक मारता येत नाही. आपण मारलेली ऐकू जात नाही. मग काय करायचं?"

"आपणच जायचं!"

पुढे मी प्राणिशास्त्र घेतलं, शिंपल्यांवरच काम केलं. लोक विचारतात, हा विषय कसा सुचला. मला तो सुचला नव्हता. घरातच होता.

माझ्या लहानपणी नदीत पाच तऱ्हांचे शिंपले मिळायचे. लांबट काळे, हिरव्या झाकेचे, बशीसारखे गोल, नखाएवढे पिवळे, आणि पाठीवर सुरकुत्या असलेले जाड, ज्यांची कैरी सोलायची सोलणी व्हायची. दादांच्या हातातला शिंपला त्या शेवटच्या जातीचा होता आणि तशा जातीचा जिवंत शिंपला मी कित्येक वर्षांत पाहिला नव्हता. वाळू गेली, तिच्याबरोबर त्यांची जागा गेली. कारखान्यांचं आणि गावोगावचं पाणी आलं. मासे गेले, आणि मासे गेले की शिंपल्यांचा वंश थांबतो, कारण शिंपल्याचं पिल्लू जन्मल्यावर आधी माशाच्या कल्ल्याला चिकटून राहतं, तिथं वाढतं, मग तळाला उतरतं. म्हातारे शिंपले मात्र वर्षानुवर्षं जगतात. त्यामुळे नदी वांझ झालेली पटकन कळत नाही. माझे विद्यार्थी आमच्या बाजूची नदी दोन्ही अंगांनी पायी फिरले होते. सगळीकडे रिकामी टरफलं. जिवंत शिंपले फक्त एका ठिकाणी राहिले होते, आमच्या बंधाऱ्याच्या मागच्या उतारावर.

ते आईमुळे, असं मी धरून चालले होते.

दुपारी मी नदीवर गेले. इसाक मुजावर आणि त्याची माणसं बंधाऱ्यावर चेन-कप्पी बसवत होती. इसाक बरगेवाल्यांचा मुकादम. शाळेत माझ्यापेक्षा दोन वर्गांनी मागं होता आणि अजूनही मला ताई म्हणायचा. मी पोचले तेव्हा तो हत्तीच्या दगडाखालच्या डोहात बुडी मारत होता. बरगा ओढायचा लोखंडी आकडा कुणाच्या तरी हातून निसटून पाण्यात पडला होता.

तो वर आला तेव्हा आकडा त्याच्या हातात होता आणि हात कोपरापर्यंत काळा झाला होता.

"ताई, बरं झालं आलासा," तो धापा टाकत हसला. "खाली तुमच्या आईंचा खजिना हाय." आणि दुसऱ्या मुठीतलं त्यानं माझ्यासमोर कातळावर ओतलं.

शिंपले होते. लांबट, काळे, मोठे. दोन्ही झडपा बिजागरीला जोडलेल्या, पण उघड्या, आणि आत काळा गाळ भरलेला. सडक्या अंड्यासारखा वास आला.

"असे किती आहेत?"

"ढीग हाय. पाय बुडतोय त्यात."

"जिवंत?"

इसाकनं पाण्याकडे पाहिलं. "खाली काय जित्तं ऱ्हातंय, ताई? नुसता कुजका गाळ हाय. मासा बी फिरकत न्हाई."

मी बसले. गाळाला हात लावायची गरज नव्हती, वासावरून सगळं कळत होतं. वर्षानुवर्षं साचून कुजलेला गाळ, त्यावर न हलणारं पाणी, आणि त्या पाण्यात प्राणवायू नाही. वरून पाणी हिरवं, थंड, खोल दिसायचं. आई ज्या दगडावर उभी राहायची त्याच्या बरोबर खाली ढीग होता.

"तुला कधीपासून माहीत होतं?"

"दर साली काय ना काय पडतंय, दर साली बुडी मारतो."

"आईला सांगितलं नाहीस?"

"काय सांगू?" तो म्हणाला. आवाजात चीड नव्हती, थकवा होता. "म्हातारी उन्हातान्हाची पुण्य करत हुती. तिला सांगू, आक्का, तुमी त्यास्नी मारायलासा म्हणून? माझी जीभ न्हाई वळली. तुमची वळली असती?"



आमच्या घरी सूर्य बुडायच्या आत जेवण होतं. त्या संध्याकाळी मी दादांना सरळ काही सांगितलं नाही. आधी आडून गेले.

"दादा, बरगे सगळे एका दिवसात न काढता, रोज एक थर काढला तर? पाणी हळू उतरेल."

"का?"

"शिंपल्यांसाठी बरं."

"आठवडा जाईल त्यात." त्यांनी भाकरी मोडली. "रोहिणी नक्षत्र परवा लागतंय. माझा नियम तुला माहीत नाही?"

माहीत होता. दादा गावच्या पाणीपुरवठा संस्थेचे चेअरमन. एका वर्षी, मी कॉलेजात शिकत असताना, बरगे काढायला उशीर झाला आणि नदी अचानक फुगली. बरगे वाकून खाचांत अडकले, दोन खांब फुटले, पाणी शेतांत शिरलं. पुढचं सबंध वर्ष पाणी अडवता आलं नाही, गावाचा ऊस उभा वाळला. दादांना कुणी काही बोललं नाही. त्यांनीच देवळात सगळ्यांसमोर उभं राहून नियम घेतला की रोहिणी लागायच्या आत बरगे बाहेर. नियम म्हणजे आमच्यात नुसता शब्द नसतो. तो देवासमोर घेतलेला असतो.

"उद्या सगळे निघतील," दादा म्हणाले. "आणि तू काळजी करू नकोस. शिंपले मी टाकतो. तिचं काम राहणार नाही. बुट्टी गावली मला, माळ्यावर होती."

बुट्टी दाराशी धुऊन ठेवलेली होती. कडेला आईनं बांधलेली चिंधी तशीच होती, हाताला काठ लागू नये म्हणून.

मग मी सांगितलं. इसाकनं काय काढलं ते, डोहाच्या तळाशी काय आहे ते. शक्य तितक्या थोड्या शब्दांत. दादांचा घास हातातच राहिला. बाहेर कुणाची तरी म्हैस ओरडत होती.

"सगळे?" त्यांनी विचारलं.

"डोहात पडले ते."

"आणि चिखलात राहिले ते?"

"ते उन्हानं."

त्यांची मान खाली गेली. मला वाटलं, आता रडतील. आई गेली तेव्हाही रडले नव्हते. पण त्यांनी मान वर केली आणि एखाद्या मीटिंगमध्ये विचारावं तसं विचारलं, "मग जे दरवर्षी जिवंत दिसतात ते कोणते?"

हा प्रश्न मला दुपारपासून पडायला हवा होता.

"जे आपले आपण पाण्याकडे गेले ते," मी म्हणाले, आणि म्हणता म्हणता ते मलाच नीट उमगलं. "शिंपला चालतो, दादा. त्याला एक पाय असतो, जिभेसारखा. तो गाळात रोवतो आणि अंग ओढून घेतो. फार हळू. पाणी हळू उतरलं तर त्याच्या मागं मागं जातो. एका दिवसात उतरलं तर थोडेच पोचतात."

"तिला हे ठाऊक नव्हतं."

"डोहाचं नव्हतं. कुणालाच नव्हतं, इसाक सोडून."

दादांनी घास ताटात ठेवला आणि हात धुतला. आई रोज संध्याकाळी प्रतिक्रमणाला बसायची. जाणता अजाणता माझ्याकडून ज्या जीवाला इजा झाली असेल त्यानं मला क्षमा करावी, अशा अर्थाचं ते असतं. ती गेल्यापासून तिच्या पाटावर कुणी बसलं नव्हतं. दादा जाऊन बसले. उठले तेव्हा उजेड थोडा शिल्लक होता. त्यांनी टोपी घातली, चपला घातल्या.

"कुठं?"

"इसाककडं. रोज एकच थर काढायचा म्हणून सांगतो."

"आणि नियम?"

"नियम मोडला तर प्रायश्चित्त घेता येतंय," दादा म्हणाले. "जीव गेला तर काय घेता येतंय?"

सकाळी बंधाऱ्यावर इसाकनं पुन्हा एकदा विचारून घेतलं. माणसं कप्पीला टेकून ऐकत होती.

"म्हंजे चेअरमन, शिंपल्याला चालत जायला येळ द्यायचा?"

"व्हय."

"आमच्या बायकोला लग्नाला निघताना लागतोय तेवढा का जास्त?"

"त्यापेक्षा कमी," दादा म्हणाले. "शिंपल्याला साडी निवडायची नसते."

हशा पिकला आणि वरचा पहिला थर निघाला. पाणी वीतभर उतरलं आणि थांबलं. दुसऱ्या दिवशी दुसरा. गावात नाव पडलं, शिंपल्यांची वरात. चहाच्या टपरीवर पोरं मला ऐकू जाईल असं विचारायची, नवरदेव कुठवर आलाय? रोहिणी लागली त्या दिवसापासून दादांनी एकाशन धरलं. दिवसातून एकदाच जेवायचं, बरगे बाहेर पडेपर्यंत. हेच त्यांचं प्रायश्चित्त. सत्तरी ओलांडलेला माणूस, मे महिना, आणि ते दिवसभर बंधाऱ्यावर छत्री घेऊन उभे. शेजारी आईची बुट्टी. ती कशाला आणता म्हणून मी विचारलं नाही.

मी उतारावर फिरायचे. पहिले दोन दिवस काहीच दिसलं नाही. ओला चिखल, त्यावर बगळ्यांच्या पावलांचे ठसे. आपण पुस्तकातलं काहीतरी घेऊन आलो आणि एका म्हाताऱ्या माणसाचा नियम मोडायला लावला, असं मला वाटू लागलं. तिसऱ्या दिवशी सकाळी, पाण्याच्या कडेला, चिखलात एक रेघ दिसली. कुणी बोटानं ओढावी तशी, हातभर लांब. रेघेच्या टोकाला चिखल फुगलेला होता आणि त्यातून शिंपल्याची काळी कड दिसत होती. मी तिथं उकिडवी बसून पाहत राहिले. बराच वेळ काही झालं नाही. मग कड हलली, इतकीशी, आणि रेघ केसभर लांबली.

मी दादांना हाक मारली नाही. आधी खात्री करायची होती.

शेवटचे दोन थर राहिले होते त्या संध्याकाळी शीतल पाटील मोटारसायकल टाकून आला. संस्थेचा तरुण संचालक, दादांनीच निवडून आणलेला.

"दादा, पन्हाळ्याच्या बाजूनं वळीव झोडपायलाय. वरच्या गावाहून फोन आलाय, ओढे भरून आलेत. उद्या नदीला पाणी येणार. आत्ता सगळं काढा."

पश्चिमेला आभाळ निळंकाळं झालं होतं. बंधाऱ्यावर माणसं जमली. कुणी हसत नव्हतं. मागचा उखडलेला बंधारा सगळ्यांनी पाहिला होता.

"बरगे अडकले तर पुढच्या साली पाणी न्हाई," शीतल म्हणाला. "शिंपल्यांसाठी गावाचा ऊस वाळवणार? तुमचा एवढा नियम, आणि तुमीच?"

 दादा माझ्याकडे वळले. "पोचलेत?"

सगळे माझ्याकडे पाहायला लागले. हो म्हणणं सोपं होतं.

"निम्मे वाटेत आहेत," मी म्हणाले. "एक रात्र पाहिजे."

"पुस्तकातली रात्र का घड्याळातली?" गर्दीतून कुणीतरी म्हणालं.

दादा खाली पाण्याकडे पाहत राहिले. मग इसाककडे. "उजाडताना दोन्ही थर काढायचे झाले तर जमतंय?"

"माझ्या माणसांनी न्हाई जमायचं. दुप्पट हात पाहिजेत."

"आणि ते आले तर?"

इसाकनं डोक्याचा रुमाल सोडून परत बांधला. "आक्का पाठशाळेतल्या पोरांना गूळ-खोबरं द्यायच्या. मी मशिदीकडनं येऊन दाराशी उभा ऱ्हायचो. मला बी द्यायच्या. शिंपल्याला काय काय असतंय ते मला आजून पाठ हाय." तो शीतलकडे वळला. "एक रात हाय न्हवं? थांबू की. पाणी चढाय लागलं तर मी स्वतः उडी टाकतो."

 शीतल मोटारसायकल चालू करताना म्हणाला, "उजाडताना मी बी येतो. पोरं घिऊन."

पहाटे दादा मला उठवायला आले तेव्हा मी जागीच होते. आम्ही नदीवर पोचलो तोवर पूर्वेला, बाहुबलीच्या डोंगरामागे, तांबडं फुटत होतं. आभाळ पावसाचं होतं, पण आमच्याकडे थेंब पडला नव्हता. नदीचं पाणी गढूळ होऊ लागलं होतं. इसाक बंधाऱ्यावरच बसून होता.

"बोटभर चढलंय," तो म्हणाला. "जावा, बगून या लवकर."

आम्ही हत्तीच्या दगडावर चढलो. खालचा उतार पूर्ण उघडा होता, ओला, सपाट, आणि कोवळ्या तिरप्या उजेडात त्यावरची प्रत्येक खाच दिसत होती.

चिखलभर रेघा होत्या. मोजायचा विचारही मनात आला नाही. काठापासून खाली पाण्याकडे, शेजारी शेजारी, एकमेकींना ओलांडत, जणू रात्रीतून कुणीतरी सगळा उतार फणीनं विंचरला होता. एकाही रेघेच्या टोकाला शिंपला नव्हता. सगळ्या पाण्यात शिरल्या होत्या.

"पोचले," मी म्हणाले. 

 दादांनी चपला काढल्या आणि ते लेंगा वर करून चिखलात उतरले. मीही उतरले. ते एका रेघेच्या कडेकडेनं चालत गेले, तिच्यावर पाय पडू न देता. रेघ सरळ डोहाकडे निघाली होती, हत्तीच्या दगडाच्या पायथ्याशी, जिथं पाणी सगळ्यात जवळ आणि सगळ्यात खोल होतं. डोहाच्या कडेला येऊन ती थांबली. तिथं चिखल थोडा उकरल्यासारखा होता. आणि मग रेघ वळली. डोहाला पाठ करून, काठाकाठानं, वरच्या अंगाला, थेट रेताड पट्ट्याकडे, जिथं उथळ पाणी खळाळत वाहत होतं.

दादांनी शेजारची रेघ पाहिली. तीही तिथंच थांबून वळली होती. तिच्या पलीकडची. तिच्याही पलीकडची. डोहाच्या सबंध कडेनं रेघा येत होत्या, थबकत होत्या आणि वळत होत्या. एकही आत गेली नव्हती. जवळचं पाणी सोडून त्या लांबच्या पाण्याकडे गेल्या होत्या.

"कसं कळलं त्यांना?" दादांनी विचारलं. "डोळा नाही, नाक नाही."

मी शास्त्रातलं काहीतरी सांगायला तोंड उघडलं. दादांनी हात वर केला.

"थांब," ते म्हणाले. "चव." त्यांनी माझ्याकडे पाहिलं तेव्हा त्यांचे डोळे भरलेले होते आणि चेहरा, आई गेल्यापासून पहिल्यांदा, उजळ होता. "स्पर्श आणि चव. पाण्याची चव घेतली आणि मागं फिरले. अगं, तिनं बरोबर शिकवलेलं. सगळं बरोबर शिकवलेलं. उचलायला तेवढं नको होतं."

मग ते एकदम वाकले. "ह्या काय आहेत?"

मोठ्या रेघांच्या मधून, आधी नजरेला न पडलेल्या, अगदी बारीक रेघा गेल्या होत्या. दोऱ्याएवढ्या. एका ठिकाणी रेघ अजून चालू होती. मी टोकाचा चिखल नखानं अलगद बाजूला केला. आत तांदळाच्या दाण्याहून थोडा मोठा, पिवळसर, पारदर्शक वाटावा असा शिंपला होता. दुसऱ्या रेघेच्या टोकाला दुसरा. त्याच्या पाठीवर सुरकुत्या होत्या, डोळे बारीक केले तरच दिसतील अशा.

मी दादांचा हात धरला. "पिल्लं आहेत," मी म्हणाले. "दादा, नदीत पिल्लं आहेत. कुठंतरी मासा आहे. आणि हा सोलणीचा आहे. आईच्या सोलणीचा."

आईच्या बुट्टीत ही कधीच आली नसती. ती गाळाच्या आत असतात. कुणाच्याही हाताला लागत नाहीत. ती फक्त चालूनच वाचू शकतात.

आम्ही ती दोन्ही रेताड पाण्यात सोडली. तेवढीच दोन, उशीर झालेली.

"चेअरमन!" बंधाऱ्यावरून इसाकची हाक आली. "पाणी वाडायलंय! काय करू?"

दादा वळले. चिखलातून त्यांनी दिलेला आवाज मी त्याआधी किंवा त्यानंतर कधी ऐकला नाही. "काढ! सगळे पोचले! काढ!"

शीतल आणि त्याची पोरं आली होती. टपरीवरची, वरातीवरून चिडवणारी, तीही होती. प्रत्येक गाळ्यावर कप्पीला दुप्पट हात लागले. इसाक खांबावर उभा राहून आरोळी द्यायचा आणि सगळे एका दमात ओढायचे, बरगा खाचेतून खरखरत वर यायचा, पाणी गाळ्यातून उसळून खाली कोसळायचं, आणि पोरं अशी ओरडायची जणू कुस्ती मारलीय. एक बरगा मधल्या गाळ्यात तिरका झाला.  इसाकनं खरंच उडी टाकली, खालून खांदा लावला, आणि बरगा सुटला. ऊन कासराभर चढलं तेव्हा शेवटचा बरगा काठावरच्या थप्पीला जाऊन लागला होता आणि गढूळ, फेसाळ नदी मोकळ्या गाळ्यांमधून धडाडत निघाली होती. बंधाऱ्याचा एक चिराही हलला नव्हता.

शीतल घाम पुसत दादांजवळ आला. "दादा, पुढच्या साली रोहिणीच्या आधी आठवडाभर सुरू करू. म्हंजे नियम बी ऱ्हाईल आणि वरात बी निघंल."

"तूच ठरव," दादा म्हणाले. "पुढच्या साली चेअरमन तू."

तेव्हापासून आमच्याकडे बरगे असेच निघतात, रोज एक थर. दादा आता नाहीत. सोलणी माझ्याकडे सांगलीला आहे आणि माझ्याही हातून निम्मी कैरी सालीबरोबर जाते.

पण त्या सकाळी आम्ही घराकडे निघालो तेव्हा दादांच्या काखेत आईची बुट्टी होती. धुणं घेऊन नदीवर निघालेल्या बायका वाटेत भेटल्या. त्यातली एक, आईला मोत्यांवरून चिडवायची तीच, थांबली आणि तिनं बुट्टीत वाकून पाहिलं.

"दादा, रिकामीच?"

"रिकामी," दादा म्हणाले, आणि तिला नीट दिसावी म्हणून बुट्टी पुढं धरली.